आधी कान, मग कागद: ट्रान्सक्रिप्टवरून जर्मन शिकताना

यवतमाळ जिल्ह्यातल्या दारव्ह्याला बसस्टँडजवळ माझं झेरॉक्स आणि टायपिंगचं दुकान आहे. सातबारा, जातीचे दाखले, पीकविम्याचे फॉर्म, लग्नपत्रिका हे बारमाही काम. 2024 मध्ये महाराष्ट्र सरकारनं जर्मनीतल्या बाडेन-व्युर्टेम्बर्ग राज्याशी कुशल मनुष्यबळाचा करार केला आणि त्यानंतर माझ्या काउंटरवर जर्मन कागद यायला लागले. लोही, लाडखेड, बोरीकडच्या जीएनएम (नर्सिंग) झालेल्या पोरी, आयटीआय केलेले इलेक्ट्रिशियन. व्हॉट्सॲपवर पीडीएफ पाठवतात आणि म्हणतात, "भाऊ, पूर्ण छापून द्या." छापता छापता मी वाचायला लागलो, मग ऐकायला लागलो, मग पुण्याला जाऊन ए वनची, म्हणजे जर्मनच्या सगळ्यात पहिल्या पायरीची, परीक्षा पास झालो. (बी वन, बी टू या वरच्या पायऱ्या.) आता छपाईसोबत सल्ला फुकट देतो. तोच इथं लिहून ठेवतो, म्हणजे दहावीच्या निकालाच्या दिवशी तरी कोणी मला 'डेर, डी, डास' (जर्मन नामांच्या लिंगांचे शब्द) विचारणार नाही.

बहुतेक पोरं ट्रान्सक्रिप्ट, म्हणजे ऑडिओत बोललेलं जसंच्या तसं लिहिलेला मजकूर, धड्यासारखी वाचतात. म्हणजे ऑडिओ बाजूला, कागद समोर, कठीण शब्दांवर मराठी अर्थ, आणि वाचून समजलं की पान उलटलं. मग परीक्षेत आवाज येतो, कागद नसतो आणि तोंडाकडे बघत बसतात. डोळ्याला ओळखीचा झालेला शब्द कानाला ओळखीचा झालेला नसतो. ट्रान्सक्रिप्टचा खरा उपयोग एवढाच की आपल्या कानातून नेमकं काय निसटलं ते ती दाखवते. आणि निसटलेलं दिसायचं असेल तर आधी ऐकावं लागतं.

कोणता ऑडिओ घ्यायचा

डॉइच व्हेले ही जर्मनीची सरकारी पैशावर चालणारी आंतरराष्ट्रीय प्रसारण संस्था. तिच्या जर्मन शिकवण्याच्या पानांवर सगळं फुकट आहे. 'निकोस वेग' हा नवशिक्यांचा व्हिडिओ कोर्स आहे. स्पेनहून आलेल्या निकोची बॅग विमानतळावर हरवते, तिथून गोष्ट सुरू होते. प्रत्येक धड्याखाली 'मानुस्क्रिप्ट' नावाचा कप्पा असतो, तीच ट्रान्सक्रिप्ट. दुसरा 'डॉइच, वारुम निष्ट?' हा जुना रेडिओ कोर्स. पत्रकारिता शिकणारा आंद्रेआस हॉटेलात पोर्टरचं काम करतो आणि त्याच्यासोबत एक्स नावाची, कोणाला न दिसणारी एक गमतीदार बाई असते. आवाज जुना वाटेल, पण रेडिओसाठीच केलेला असल्यानं चित्राचा आधार नाही, सगळं कानावर. मला तोच जास्त कामाचा वाटला. व्हिडिओत माणसाचं तोंड आणि हातवारे पाहून आपण अर्ध्याहून जास्त अंदाजानं समजतो.

जर्मनच्या परीक्षा घेणाऱ्या गोएथे इन्स्टिट्यूटच्या संकेतस्थळावर ए वनचा नमुना पेपर ऑडिओसह मिळतो आणि ऐकण्याच्या भागाचा पूर्ण मजकूर शेवटच्या पानांवर असतो. तो पेपर छापताना शेवटची पानं वेगळी पिन करून देतो आणि सांगतो, ही घरी कपाटात ठेव, पेपर सोडवेपर्यंत काढू नको.

एक कार्यक्रम मात्र नवशिक्यांनी टाळावा. डॉइच व्हेलेवरच सावकाश वाचलेल्या बातम्या असतात, मजकुरासहित. 'सावकाश' हा शब्द पाहून पोरं त्यावर पडतात. वेग कमी आहे हो, पण शब्द संसदेचे आणि युद्धाचे. ए वनवाल्याला त्यातलं 'आज' आणि 'उद्या' सोडून काही लागत नाही. त्या बातम्या बी टू आणि त्यापुढच्या लोकांसाठी आहेत.

तुकडा एक-दीड मिनिटाचा घ्यायचा. दहा मिनिटांचा धडा असेल तर त्यातला एकच संवाद. आणि गावात नेटवर्कचा भरवसा नसतो, लाइनीचा तर नाहीच, म्हणून तालुक्याला आलात की आठवड्याचे ऑडिओ आणि पीडीएफ एकदम उतरवून न्या. मोबाइलवर व्हीएलसी हे प्लेअर ॲप टाका. त्यात वेग पाऊणपट करता येतो आणि दोन खुणा ठेवून मधलाच तुकडा पुन्हा पुन्हा वाजवता येतो. पाऊणपटच्या खाली जाऊ नका, आवाज दारू प्यायल्यासारखा लांबतो आणि शब्द उलट कमी कळतात.

कागद कसा छापायचा

हा माझा धंदा आहे, म्हणून थोडं सविस्तर. पीडीएफ जशीच्या तशी छापली तर अक्षर बारीक, ओळीत ओळ, आणि पेन्सिल फिरवायला जागा नाही. मजकूर कॉपी करून वर्डमध्ये घ्या, अक्षर 14 चं, दोन ओळींत दुप्पट अंतर, उजवीकडे तीन बोटं समास. एकाच बाजूला छापा, मागची बाजू श्रुतलेखनाला कामी येते. आणि फाँट बघा. आपल्याकडच्या दुकानांत कॉम्प्युटरवर कृतीदेव हा देवनागरी फाँट लावून ठेवलेला असतो. त्यात जर्मन मजकूर चिकटवला की रोमन अक्षरांच्या जागी अर्थ नसलेली देवनागरी उमटते. एरियल किंवा टाइम्स घ्यायला सांगा. डोक्यावर दोन टिंबं असलेली अक्षरं नीट आली का, ते पैसे देण्याआधी तपासा. टिंबं गेली की उच्चार बदलतो, कधी अर्थही.

ऐकायचा क्रम

समजा तुमच्यापुढं फोनवरचा हा निरोप आहे. नमुना म्हणून मीच रचलाय, पण परीक्षेत असेच असतात:

"गूटन टाक, फ्राउ व्हेबर, हीअर इस्ट दी प्राक्सिस डॉक्टर क्लाइन. ईअर टेर्मीन इस्ट निष्ट आम डीन्सटाक, झोन्डर्न आम डोनर्सटाक उम हाल्प आख्ट. बिटे रूफन झी उन्स आन."

पहिल्यांदा कागद उलटा ठेवून दोनदा ऐका. थांबवायचं नाही, मागं न्यायचं नाही. मग जे कानावर पडलं ते मागच्या कोऱ्या बाजूला लिहा, देवनागरीत लिहिलं तरी चालेल. लोहीच्या एका पोरीनं दुकानात बसून असाच एक निरोप ऐकला आणि लिहिलं: फ्राउ, डॉक्टर, डीन्सटाक, आख्ट. म्हणाली, "भाऊ, बाई लय फास्ट बोलून राहिली, पण समजलं. मंगळवारी आठ वाजता दवाखाना."

आता कागद सुलटा करा आणि तिसऱ्यांदा ऐका, शब्दाखाली पेन्सिलचं टोक सरकवत. हात आवाजाच्या मागं पडला तरी थांबायचं नाही. चौथ्यांदा ऐकताना तीन खुणा करायच्या. ऐकताना पकडलेल्या शब्दावर टिक. जो शब्द माहीतच नाही त्याखाली रेघ. आणि जो शब्द येतो, वाचला असता तर ओळखला असता, पण कानातून सुटला, त्याला गोल.

सगळी कमाई त्या गोलात आहे. त्या पोरीच्या कागदावर 'निष्ट'ला गोल होता. निष्ट म्हणजे नाही, हे तिला पहिल्या दिवसापासून पाठ. पण बोलणारी बाई 'इस्ट निष्ट' एका दमात म्हणते, दोन्ही शब्दांची शेपटी सारखी, म्हणून एकच ऐकू येतं. 'नाही' सुटलं की मंगळवार उरतो. पुढचं 'झोन्डर्न' म्हणजे 'नाही, तर उलट': हा नाही, तो. तिला तो शब्द माहीत नव्हता, म्हणून खाली रेघ. 'डोनर्सटाक', म्हणजे गुरुवार, त्याच्यामागं लपलेला होता. परीक्षेतले निरोप मुद्दाम असे रचतात की चुकीचा वार आधी मोठ्यानं येतो आणि बरोबर वार नंतर.

'हाल्प आख्ट' तर आपल्याला हमखास फसवतं. शब्दशः 'अर्धा आठ', पण अर्थ साडेसात, कारण जर्मन माणूस आठाकडे जाणाऱ्या तासाचा अर्धा मोजतो. कान 'आख्ट' पकडतो आणि आपण साडेआठला पोचतो. पाव तासाच्या बाबतीत मात्र आपण मराठी लोक सुखी. 'फिअर्टेल फोर आख्ट' म्हणजे पावणेआठ, 'फिअर्टेल नाख आख्ट' म्हणजे सव्वाआठ, जोडी सरळ लागते.

शेवटच्या वाक्यात 'रूफन' सुरुवातीला आणि 'आन' शेवटी. दोन्ही मिळून एक क्रियापद, 'आनरूफन', फोन करणं. जर्मनमध्ये असली फुटणारी क्रियापदं पावलोपावली भेटतात. छापील मजकुरात दोन्ही तुकडे दिसले की पेन्सिलनं कमान काढून जोडा. कमानी काढायची सवय लागली की ऐकतानाही कान वाक्याच्या शेवटपर्यंत थांबायला शिकतो. क्रियापद शेवटी यायची वाट पाहणं आपल्याला नवीन नाही, मराठी वाक्य तसंच चालतं. फक्त जर्मन माणूस अर्धं क्रियापद आधी देऊन आपल्याला गाफील करतो.

रेघवाल्या शब्दांचा अर्थ बघा, पण सगळ्यांचा नको. एका तुकड्यातले पाच-सहा पुरे. आणि पूर्ण मजकूर गूगल ट्रान्सलेटमध्ये टाकून मराठी करून घेऊ नका. पोरं माझ्याकडं तेही छापायला आणतात, मी पैसे घेतो आणि छापून देतो, पण मनातून वाईट वाटतं. मराठी वाचल्यावर जर्मन कागद परत कोणी उघडत नाही.

आपल्या तोंडात आधीच असलेले आवाज

उच्चार इंग्रजीवरून शिकायला गेलात तर लांबचा रस्ता पडतो. जर्मन 'झेड' अक्षराचा उच्चार म्हणजे आपल्या चूल, चाक, चमचा यांतला च. चहातला नाही. पुण्याच्या क्लासात हा आवाज कसा काढायचा ते बराच वेळ सांगतात म्हणे, आपल्याला तो आईनंच शिकवलाय. 'त्सूक' म्हणजे रेल्वेगाडी; त्यातला 'त्स' चुलीच्या चसारखा म्हणा, झालं काम. 'मी' साठीचा जो 'इश' सगळे लिहितात, त्याचा शेवट खरं तर 'श' नसतो. 'ह्या' मधला 'ह्य' कुजबुजून म्हणून बघा, तो जवळचा. दोन टिंबांच्या यूसाठी जीभ 'ई'ची आणि ओठ 'ऊ'चे. 'व्ही'नं लिहिलेल्या 'फाटर'मध्ये 'फ', 'डब्ल्यू'नं लिहिलेल्या 'व्हासर'मध्ये 'व्ह'.

कागद आणि तोंड जिथं वेगळं वागतात ती जागा ट्रान्सक्रिप्टमध्ये हेरून ठेवा. वाराच्या नावाच्या शेवटी अक्षर 'ग'चं, आवाज 'क'चा. 'हाल्ब' लिहितात, 'हाल्प' म्हणतात. 'इश हाबे' छापलेलं असतं, ऐकू येतं 'इश हाब'. 'व्ही गेट एस' चं बोलण्यात 'व्ही गेट्स'. अशा जागी समासात जे खरंच ऐकू आलं ते देवनागरीत लिहायचं. पूर्ण ओळीवर देवनागरी मात्र नको, नाहीतर डोळा तेच वाचतो आणि जर्मन स्पेलिंग कधी बसतच नाही.

आकड्यांचं वेगळं प्रकरण

ट्रान्सक्रिप्टचा एक दोष असा की त्यात बहुतेक आकडे अंकात छापलेले असतात. 21 दिसतं आणि डोळा पुढं सरकतो, पण कानाला ऐकू आलेलं असतं 'आइन-उन्ट-त्स्वान्त्सिश', एक आणि वीस. इंग्रजी मिडियमची पोरं इथं अडखळतात. आपलं एकवीस, बावीस, तेवीस याच क्रमानं चालतं, आधी सुटा आकडा मग दशक, म्हणून आकडा ऐकताना मनात इंग्रजी आणू नका, सरळ मराठीत उतरवा. अपवाद 19, 29, 39 वगैरेंचा. तिथं आपलं एकोणीस, एकोणतीस आणि जर्मन 'नऊ आणि वीस'.

मजकुरात जिथं जिथं अंक आहे तिथं समासात तो अक्षरी लिहायचा. 13 आणि 30, 14 आणि 40, 15 आणि 50 या जोड्यांत फरक फक्त शेपटीचा: 'त्सेन' की 'सिश, त्सिश'. फोन नंबर सांगताना दोनला 'त्स्वाय' न म्हणता 'त्स्वो' म्हणतात, कारण 'त्स्वाय' आणि 'ड्राय' फोनवर सारखे ऐकू येतात. हे ज्याला माहीत नाही तो त्या जागी नवा शब्द समजून घाबरतो.

लिहून काढणं आणि मागोमाग बोलणं

दुसऱ्या दिवशी त्याच तुकड्यातली चार-पाच वाक्यं श्रुतलेखन करा. वाक्य वाजवा, थांबवा, लिहा. मग छापील मजकुराशी लाल पेननं ताडा. जर्मनमध्ये प्रत्येक नाम मोठ्या अक्षरानं सुरू होतं, ते विसरलात तर तीही लाल खूण. हा कंटाळवाणा भाग आहे, खोटं सांगत नाही. पण लेखी परीक्षेत फॉर्म भरणं आणि छोटं पत्र लिहिणं असतं, आणि त्याची तयारी फुकटात इथंच होते.

मागोमाग बोलणं मजेचं आहे. ऑडिओ चालू, कागद हातात, आणि बोलणाऱ्याच्या अर्ध्या शब्दामागं आपणही मोठ्यानं म्हणत जायचं. अर्थाचा विचार नाही, चाल पकडायची. सोयाबीनच्या सोंगणीत आणि कापूस वेचणीत आठ-आठ दिवस पोरं गायब होतात, तेव्हा मी हेच सांगतो: वहीला हात लागत नसेल तर नको लागू दे, वावरात जाता-येता कानात एकच तुकडा आणि तोंडानं त्याच्या मागोमाग. धुऱ्यावर कोण ऐकते? लाडखेडचा एक पोरगा सांगत होता, त्याचा बाप शेजाऱ्याला म्हणाला, "पोरगं वायरमन झालं, आता एकटंच बडबडून राहिलं." तो पोरगा बोलण्याच्या परीक्षेत आमच्यात सगळ्यात चांगला निघाला.

सात-आठ दिवसांनी जुना तुकडा कागदाशिवाय एकदा ऐका. गोल केलेले शब्द आता ऐकू येतात का, एवढंच बघायचं. येत असतील तर तो कागद फाइलला. नसतील तर फक्त त्या वाक्यापुरतं पुन्हा.

मजकूर नसेल तर

यूट्यूबवर जर्मन बोलणं भरपूर आहे, पण मशीननं आपोआप काढलेल्या ओळी आणि माणसानं लिहिलेली ट्रान्सक्रिप्ट यांत फरक करा. मशीन गावांची आणि माणसांची नावं चुकवतं, दोन माणसं एकदम बोलली की गोंधळतं. ए वनला चूक कुणाची, मशीनची की आपल्या कानाची, हे ठरवायला आधार नसतो. म्हणून सुरुवातीचे महिने माणसानं लिहिलेलाच मजकूर घ्या. पुढं बी वनला गेल्यावर मशीनच्या चुका शोधणं हाही चांगला अभ्यास आहे. नर्सिंगवाल्या पोरींना तर तिथं थांबून भागत नाही, बी टूपर्यंत जावं लागतं.

परीक्षेच्या आधी

गोएथेच्या ए वनमध्ये ऐकण्याचा भाग सुमारे 20 मिनिटांचा आणि तीन तुकड्यांत असतो. पहिल्यातले छोटे संवाद आणि तिसऱ्यातले फोनचे निरोप दोनदा ऐकवतात. मधल्या भागातल्या घोषणा, स्टेशनवरच्या किंवा दुकानातल्या, फक्त एकदा, आणि बरोबर की चूक एवढंच सांगायचं. बडनेऱ्याला फलाटावर उभे असता तेव्हा तुम्ही पूर्ण घोषणा कुठं ऐकता? गाडीचं नाव आणि फलाट नंबर कानात शिरला की बॅग उचलता. मधल्या भागाला तेच करायचं: आधी छापील प्रश्न वाचायचा, त्यातला वार, आकडा, जागा डोक्यात धरायची आणि तेवढ्यासाठीच कान उघडे ठेवायचे. यासाठी परीक्षेआधीच्या दिवसांत घोषणांचे तुकडे एकदाच ऐकून उत्तर द्या आणि मगच कागद उघडा. घरी सवय पाच वेळा ऐकायची असली तर तिथं एकदाच ऐकून हात कापतात.

दारव्ह्याहून पुणं लांब. आमची शकुंतला रेल्वे तर कधीच बंद पडली. आम्ही नेरवरून बडनेरा गाठून महाराष्ट्र एक्स्प्रेस धरली. रात्रभराच्या प्रवासानंतर सरळ पेपरला बसू नका, एक दिवस आधी पोचा. गाडीत नवीन काही ऐकायचं नाही, जुन्या फाइलमधले टिक केलेले तुकडे ऐका.

आणि निघायच्या आधी घरी दोन-चार पेपर इअरफोन न लावता सोडवा. माझ्या वेळी हॉलमध्ये आवाज स्पीकरमधून आला आणि वर पंखा चालू होता. इअरफोनमध्ये स्वच्छ ऐकू येणारं 'निष्ट' पंख्याखाली पुन्हा गायब होतं. मोबाइल खोलीच्या दुसऱ्या टोकाला ठेवा, पंखा पाचवर करा, घरात मिक्सर चालू असेल तर कोणाला बंद करायला सांगू नका. माझ्या दुकानात येऊन बसलात तर झेरॉक्स मशीन चालूच असते, दुपारी एक ते तीन गर्दी कमी असते, बाक रिकामा असतो.